क्ष म्हणजे चादर नव्हे

एका आईने मला, एका गणिताच्या शिक्षकाला, पाठवलेलं पत्र असं आहे:

"सर, नमस्कार. आम्ही सोलापूरला विडी घरकुल भागात राहतो. घरी तेलुगू बोलतो, मुलगी मराठी शाळेत दहावीला आहे. मिस्टर यंत्रमागावर जातात, मी घरी टॉवेलला शिलाई मारते. संक्रांतीला गड्ड्यात (सिद्धेश्वराच्या यात्रेत) आम्ही चादरी-टॉवेलचं छोटं दुकान लावतो, तेव्हा गल्ल्यावर मुलगीच बसते. तीन चादरी, पाच टॉवेल म्हटलं की आकडा तिच्या तोंडात तयार असतो, एक रुपया चुकत नाही. पण शाळेत हेच चादरी-टॉवेलचं उदाहरण आलं आणि तिला शून्य मिळालं. वहीच्या पानाचा फोटो पाठवते. वर्गात बोलणी बसली म्हणून रडत आली. वर मला विचारते, 'अम्मा, सगळ्या चादरी एकाच भावाने कुठे जातात? पुस्तकातलं दुकान खोटं आहे.' मी सातवी शिकले आहे. मी तिला काय मदत करणार? क्लास लावायचा तर फी जड जाते. तिचं डोकं गणितात चालत नाही असं समजायचं का?"

ताई, नमस्कार.

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, म्हणजे पुढचं तुम्ही शांतपणे वाचाल. नाही, असं अजिबात समजू नका. वहीचं पान मी दोनदा नीट पाहिलं. त्या पानावर मुलीची हुशारीही दिसते आणि ती नेमकी कुठे अडखळली तेही दिसतं. चूक एकाच जागी आहे.

उदाहरण असं होतं: एका दुकानदाराने चादरी आणि टॉवेल मिळून ५० नग विकले. चादर प्रत्येकी ४०० रुपये, टॉवेल प्रत्येकी १५० रुपये. एकूण १२,५०० रुपये आले. तर चादरी किती आणि टॉवेल किती विकले?

मुलीने पहिल्या ओळीत लिहिलंय, "चादर = क्ष, टॉवेल = य". (पुस्तकात रोमन एक्स-वाय असतात, मी आपल्या जुन्या पद्धतीने क्ष आणि य लिहितो.) त्याखाली तिची दोन समीकरणं आहेत:

क्ष + य = १२,५००
४००क्ष + १५०य = ५०

आणि त्यानंतर क्रेमरची पद्धत, म्हणजे समीकरणांतले आकडे चौकटीत मांडून उत्तर काढायची रीत. तिन्ही निश्चयक (त्या चौकटी) बरोबर मांडलेत, गुणाकार बरोबर, वजाबाकी बरोबर, भागाकार बरोबर. इतके मोठे आकडे असूनही कुठे हातचा चुकलेला नाही. शेवटी उत्तर आलंय क्ष = –७,४९९.८ आणि त्याखाली दोन रेघा ओढल्यात.

ताई, जी मुलगी गड्ड्याच्या गर्दीत एक रुपया चुकू देत नाही, तिने शून्याहून साडेसात हजार कमी चादरी विकल्याचं लिहिलं आणि तिला त्यात काही खटकलं नाही. मला या पानावरची सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच वाटते. ती निष्काळजी असती तर आकडेमोडही चुकली असती. तिला खटकलं नाही, कारण क्ष हा चादरींचा आकडा आहे हेच त्या क्षणी तिच्या मनात नव्हतं. तिच्या लेखी क्ष म्हणजे चादर. घडी घातलेली, पिशवीतून बाहेर काढायची वस्तू.

आता तिच्या डोळ्यांनी ती दोन समीकरणं पुन्हा वाचा. चादर आणि टॉवेल विकून साडेबारा हजार आले: क्ष + य = १२,५००. चारशेवाल्या चादरी आणि दीडशेवाले टॉवेल मिळून पन्नास: ४००क्ष + १५०य = ५०. बघा, तिने उदाहरणातलं वाक्य जसंच्या तसं लघुलिपीत उतरवून घेतलंय. एकही शब्द तिने मनाने घातलेला नाही. फक्त समीकरण ही लघुलिपी नसते, आणि हे तिला कुणी स्पष्ट सांगितलं नसावं.

यात दोष तिचा कमी आणि आम्हा शिक्षकांचा जास्त आहे. मी स्वतः नोकरीची पहिली कितीतरी वर्षं फळ्यावर "समजा क्ष आंबे, य पेरू" असं लिहीत आलो. मुलं ते मुकाट्याने उतरवून घ्यायची. एकदा एका मुलाने विचारलं, "सर, क्ष आंबे म्हणजे तीन क्ष हे तीन आंबे ना?" तेव्हा माझ्या लक्षात आलं की मी त्यांना काय शिकवून बसलोय. त्या दिवसापासून फळ्यावर पूर्ण वाक्य लिहायला लागलो: "समजा, विकलेल्या आंब्यांची संख्या क्ष आहे." चार शब्द जास्त लागतात, पण सगळं गणित त्या "संख्या" शब्दात आहे.

भास्कराचार्यांनी ११५० साली पूर्ण केलेल्या 'सिद्धान्तशिरोमणी' ग्रंथात 'बीजगणित' नावाचा भाग आहे. त्यात अज्ञात राशीला ते 'यावत्तावत्' म्हणतात. म्हणजे जेवढं असेल तेवढं. नावातच "किती" आलं. दुसरी, तिसरी अज्ञात राशी लागली की कालक, नीलक, पीतक अशी रंगांची नावं घेतात. तिथलं एक उदाहरण तुमच्या मुलीला जरूर सांगा. एकाजवळ ३०० रुपये आणि ६ घोडे आहेत. दुसऱ्याजवळ १० घोडे आहेत पण डोक्यावर १०० रुपये कर्ज आहे. घोडे सगळे सारख्या किमतीचे आणि दोघांची मालमत्ता सारखी. मग प्रश्न काय विचारलाय? "किमश्वमौल्यम्". घोडा केवढा, कसला, कोणत्या रंगाचा, असं काही नाही. घोड्याचं मोल काय? यावत्तावत् म्हणजे इथे घोडा नव्हे, एका घोड्याची किंमत. सहा किमती अधिक ३०० बरोबर दहा किमती वजा १००. म्हणजे चार किमती मिळून ४००, एका घोड्याचे १०० रुपये. साडेआठशे वर्षांपूर्वीच्या त्या उदाहरणात "सारख्या किमतीचे" ही अट घालायलाही ते विसरले नाहीत. ही अट लक्षात ठेवा, मुलीच्या तक्रारीकडे येताना ती लागेल.

तर तिला करायचंय ते एवढंच. समीकरण लिहिण्याआधी पूर्ण वाक्य लिहायचं, "विकलेल्या चादरींची संख्या क्ष, विकलेल्या टॉवेलांची संख्या य." मग उदाहरणात दोन बेरजा शोधायच्या. एक बेरीज नगांची असते आणि एक रुपयांची. नगांत नग मिळवले तर नग येतात, रुपयांत रुपये मिळवले तर रुपये. पन्नास हा आकडा नगांचा आहे, म्हणून त्याच्या डाव्या बाजूला नगच हवेत: क्ष + य = ५०. साडेबारा हजार रुपये आहेत, म्हणून डाव्या बाजूची प्रत्येक गोष्ट रुपयांत हवी. चादरींचे रुपये किती? नग गुणिले भाव, म्हणजे ४००क्ष. टॉवेलांचे १५०य. म्हणून ४००क्ष + १५०य = १२,५००.

तिच्या पहिल्या समीकरणाला हीच कसोटी लावा. डावीकडे चादरींचे नग अधिक टॉवेलांचे नग, उजवीकडे रुपये. गल्ला मोजताना कुणी टॉवेलांच्या गठ्ठ्यात नोटा मिसळून मोजतं का? गड्ड्यात ती चूक ती स्वप्नातही करणार नाही. मग वहीतही करणार नाही, फक्त वहीतले आकडे कशाचे आहेत ते तिला दिसायला हवं.

आता हे उदाहरण क्ष-य न घेताही सुटतं. ती पद्धत तुम्ही आधी शिकून घ्या, कारण ती तुम्हाला स्वयंपाक करता करता सांगता येईल. समजा पन्नासच्या पन्नास टॉवेलच गेले. मग गल्ल्यात किती? ५० गुणिले १५०, म्हणजे ७,५००. आहेत १२,५००. पाच हजार जास्त कुठून आले? मधे चादरीही गेल्यात म्हणून. एक टॉवेल काढून त्याच्या जागी एक चादर ठेवली तर गल्ला २५० ने वाढतो. ५,००० वाढवायला असे २० बदल करावे लागतील. म्हणजे २० चादरी, ३० टॉवेल. ताळा करा: चादरींचे ८,०००, टॉवेलांचे ४,५००, मिळून १२,५००. जमलं.

अशी उदाहरणं फार जुनी आहेत. सुमारे दीड हजार वर्षांपूर्वीच्या एका चिनी ग्रंथात एका पिंजऱ्यातल्या पक्ष्यांचं आणि सशांचं उदाहरण आहे: डोकी ३५, पाय ९४, तर कोण किती? सगळे पक्षीच समजा, पाय झाले ७०. उरलेले २४ पाय सशांच्या जादा दोन-दोन पायांचे. म्हणून ससे १२, पक्षी २३. डोकी म्हणजे आपले नग आणि पाय म्हणजे आपले रुपये. चादर हा चारशे पायांचा प्राणी आणि टॉवेल दीडशे पायांचा, एवढाच फरक.

मुलीला मी आणखी एक गोष्ट करून पाहायला सांगेन. पन्नास नगांचं वाक्य झाकून ठेव आणि फक्त १२,५०० रुपयांवरून उत्तर काढ. दोन चादरी आणि ७८ टॉवेल घेतले तरी १२,५०० होतात. पाच चादरी, ७० टॉवेल घेतले तरी होतात. आठ आणि ६२ सुद्धा. चादरी तीनने वाढवल्या की टॉवेल आठने कमी होतात, कारण दोन्हींची रक्कम सारखीच आहे: तीन चादरींचे १,२०० आणि आठ टॉवेलांचेही १,२००. अशा दहा जोड्या निघतात, शेवटची २९ चादरी आणि ६ टॉवेल. दहाही जोड्या रुपयांच्या बाबतीत खऱ्या आहेत. त्यांतल्या एकाच जोडीची बेरीज ५० येते, २० आणि ३०. दोन अज्ञात राशींना दोन समीकरणं का लागतात, हे तिने पाठ केलं असेल. या दहा जोड्या स्वतः हाताने लिहिल्या की तिला ते दिसेल. आलेखाचं प्रकरणही मग सोपं वाटतं. त्या दहा जोड्या एका रेषेवर येतात, नगांच्या वाक्याची दुसरी रेषा येते, आणि दोन्ही जिथे एकमेकींना छेदतात तिथे आपलं दुकान असतं.

आता तिच्या तक्रारीकडे येतो. "सगळ्या चादरी एकाच भावाने कुठे जातात?" ताई, हा प्रश्न विचारणाऱ्या मुलीला कुणी मठ्ठ म्हणत असेल तर ते चुकीचं आहे. वर्गातल्या ज्या मुलांना पैकीच्या पैकी गुण मिळाले, त्यांपैकी कितीजणांना हा प्रश्न पडला असेल? होम मैदानावर दुकान लावणाऱ्या माणसाला ठाऊक असतं की भवानीच्या वेळचा भाव वेगळा, रात्री आवरताना सोडलेला भाव वेगळा, चार चादरी एकदम नेणाऱ्याचा वेगळा आणि ओळखीच्या माणसाचा त्याहून वेगळा. घासाघीस झाली की ४००क्ष हे लिहिताच येत नाही, कारण प्रत्येक चादरीमागे ४०० आलेलेच नसतात. तिचं म्हणणं बरोबर आहे.

पण मग उदाहरणातला "प्रत्येकी" हा शब्द तिला दाखवा. तो उगीच आलेला नाही. उदाहरण लिहिणाऱ्याने त्या एका शब्दात कबूल केलंय की माझ्या दुकानात घासाघीस चालत नाही, प्रत्येक नगाला हाच भाव पडला. भास्कराचार्यांच्या घोड्यांची "सारख्या किमतीचे" ही अट हेच काम करते. ही अट असल्याशिवाय नगांना भावाने गुणताच येत नाही. पुस्तकातलं दुकान खोटं नाही, भावाची पाटी लावलेलं आहे. तिने ते खोटं म्हणून सोडून देण्याऐवजी त्यातली अट म्हणून ओळखलं, तर तिच्या हातात एक हत्यार येईल.

ते कसं, तर समजा गड्ड्यात एका रात्री ५० नग गेले आणि गल्ल्यात निघाले १२,६००. सगळे टॉवेल धरून ७,५००, वर ५,१००. भागिले २५० केले तर २०.४ येतात. वीस पूर्णांक चार दशांश चादरी कुणी विकत नाही. मग कुठेतरी अट मोडलीय. एखाद्याकडून जास्त पैसे घेतले गेलेत, सुटे देताना गडबड झालीय, नाहीतर नग मोजण्यात चूक आहे. अशा वेळी समीकरणाचा उपयोग उत्तर काढण्यापेक्षा हिशेबातली गफलत पकडायला होतो. वहीतसुद्धा हाच नियम. नगांचं उत्तर अपूर्णांकात किंवा वजा आलं, की रेघ ओढू नये, मागे जावं. तिने त्या वजा साडेसात हजारांजवळ थांबायला हवं होतं. तिला एवढं सांगा की गल्ल्यावरची तिची नजर वहीतही चालते, ती घरी ठेवून शाळेत जायचं नाही.

दुसऱ्या प्रकारची उदाहरणं उलटी असतात. नग दिलेले असतात आणि भाव काढायचा असतो. मला स्वतःला ही जास्त खरी वाटतात, कारण ठोक व्यापाऱ्याच्या चिठ्ठीवर कित्येकदा फक्त शेवटची रक्कम असते. समजा दोन चिठ्ठ्या आहेत. एकीवर ३ चादरी, ४ टॉवेल, १,८३० रुपये. दुसरीवर २ चादरी, ५ टॉवेल, १,५७० रुपये. भाव दोन्ही दिवशी तेच. तर चादर केवढ्याला पडली?

मुलीला समीकरण लिहू देऊ नका. आधी चिठ्ठ्यांवर खेळू द्या. पहिली चिठ्ठी दोनदा घ्या: ६ चादरी, ८ टॉवेल, ३,६६०. दुसरी तीनदा घ्या: ६ चादरी, १५ टॉवेल, ४,७१०. चादरी दोन्हीकडे सहा-सहा झाल्या, म्हणजे फरक फक्त टॉवेलांचा. सात टॉवेल जास्त, १,०५० रुपये जास्त. एक टॉवेल १५० ला. मग पहिल्या चिठ्ठीतून चार टॉवेलांचे ६०० काढा, उरले १,२३०, तीन चादरींचे. चादर ४१० ला. पुस्तकात यालाच सहगुणक (क्ष-य यांच्या आधीचे आकडे) समान करून एका चलाचा लोप करणं म्हणतात. शब्द जड आहे, काम चिठ्ठ्या दुप्पट-तिप्पट करण्याचं आहे.

इथे एक जागा फसवी आहे आणि ती नीट पाहायला हवी. पहिल्या उदाहरणात ४००क्ष होतं. तिथे ४०० हा भाव आणि क्ष हे नग. या उदाहरणात ३क्ष येतं. इथे ३ हे नग आणि क्ष हा भाव. दोन्ही वेळा तीच चादर, पण क्ष वेगळा. "चादर = क्ष" एवढंच लिहिलं तर हा फरक कायमचा पुसला जातो, आणि मग मुलं म्हणतात की शाब्दिक उदाहरणांत दरवेळी काहीतरी नवीनच असतं. नवीन काही नसतं. रुपये म्हणजे नग गुणिले भाव, दोघांपैकी एक दिलेला, एक झाकलेला.

या प्रकाराचा एक सुंदर पोटप्रकार आहे, तो सांगितल्याशिवाय राहवत नाही. एका गिऱ्हाइकाला ७ चादरी आणि १३ टॉवेल हवे होते, नोकराने उलटं ऐकलं आणि १३ चादरी, ७ टॉवेल बांधले. बिल ४,८२० ऐवजी ६,३८० झालं. इथे काहीही दुप्पट-तिप्पट करायला नको. दोन्ही बिलांची बेरीज करा: २० चादरी, २० टॉवेल, ११,२००. म्हणजे एक जोडी ५६० ला. वजाबाकी करा: सहा चादरींच्या आणि सहा टॉवेलांच्या किमतींतला फरक १,५६०, म्हणजे एका जोडीत फरक २६०. बेरीज ५६०, फरक २६०. दोन्ही मिळवून निम्मे केले की ४१०, वजा करून निम्मे केले की १५०. बेरीज आणि अंतर यांवरून दोन संख्या काढण्याच्या या रीतीला भास्कराचार्यांच्याच 'लीलावती'त 'संक्रमण' म्हटलंय. सहगुणक अदलाबदल झालेले दिसले की हे करायचं. परीक्षेत पाच मिनिटं वाचतात.

आता भाषेविषयी. तुम्ही घरी तेलुगू बोलता हे तुम्ही ओझरतं लिहिलंय, जणू ती अडचण आहे. मला ती तुमची जमेची बाजू वाटते. सोलापुरात शिकवणाऱ्याला हे ठाऊक असतं की वर्गातली निम्मीअधिक गडबड आकड्यांत नसते, "पेक्षा", "प्रत्येकी", "अनुक्रमे", "मिळून" अशा शब्दांत असते. मराठी घरातली मुलंही तिथे घसरतात, फक्त ती भाषा आपलीच म्हणून कुणाला संशय येत नाही.

"टॉवेलांची संख्या चादरींच्या संख्येच्या तिप्पट आहे." हे वाक्य दिलं की बरीच मुलं ३य = क्ष लिहून मोकळी होतात, य टॉवेलांचा आणि क्ष चादरींचा. कारण वाक्यात टॉवेल आधी, तिप्पट नंतर, आणि टॉवेल जास्त आहेत म्हणून तीन त्यांच्याच गळ्यात. तिला विचारा, कमी काय आहे? चादरी. मग चादरींना तीनने गुणल्यावरच त्या टॉवेलांइतक्या होतील: य = ३क्ष. किंवा "चादरीची किंमत टॉवेलच्या किमतीच्या दुपटीपेक्षा ५० रुपयांनी जास्त आहे." इथे मुलं आधी पन्नास मिळवतात आणि मग दुप्पट करतात. टॉवेल १५० ला आहे असं धरून तोंडी करायला लावा. दुप्पट ३००, वर ५०, चादर ३५०. मग १५० च्या जागी य लिहायचा, बस: क्ष = २य + ५०.

आणि हे सगळं तिच्याकडून तेलुगूत वदवून घ्या. "पेक्षा"च्या जागी तुमचं 'कंटे' येईल, शेजारच्या कन्नड घरात 'गिंत' येईल. तिन्ही भाषांत हा शब्द ज्याच्याशी तुलना करायची त्याच्या मागे लागतो, त्यामुळे वाक्याची मांडणी फारशी हलत नाही. मराठी वाक्य एकदा वाचायचं, पुस्तक मिटायचं, आणि तुम्हाला तेलुगूत सांगायचं की दुकानात काय झालं. जी गोष्ट अम्माला सांगता आली, ती तिला कळलीय. सांगताना अडली तर तिथेच पुन्हा वाचायचं. हे तिला लाजिरवाणं वाटू देऊ नका.

तुमचं काम काय, ते आता तुमच्या लक्षात आलं असेल. सातवी पुरे झाली, ताई. तुम्हाला निश्चयक येण्याची गरज नाही. तिने "क्ष" म्हटलं की तुम्ही विचारायचं, "कशाचा? नगांचा की रुपयांचा?" तिने समीकरण लिहिलं की विचारायचं, "या आकड्याच्या मागे काय लिहू, नग की रुपये? आणि त्या बाजूला?" दोन्ही बाजूंचं उत्तर एकच आलं पाहिजे. डझनाचा भाव आणि सुट्याचा भाव एकाच उदाहरणात आला तर, "सगळं डझनात करायचं की नगांत?" आणि शेवटी, "उत्तर गल्ल्यात घालून बघ, जमतंय का?" टॉवेलला शिलाई मारता मारता हे चार प्रश्न विचारता येतात. त्यांची उत्तरं तुम्हाला माहीत नसली तरी चालेल, तिला द्यावी लागतील एवढं पुरे.

एक मात्र सांभाळा. ती चुकली की पटकन "गड्ड्यात तर येतं तुला" असं म्हणू नका. गल्ल्यावर तिला नग आणि भाव दोन्ही दिसत असतात, फक्त रक्कम काढायची असते. वहीत रक्कम दिलेली असते आणि मागे जायचं असतं. उलट्या दिशेने चालणं खरोखर अवघड आहे, तिला ते जड गेलं यात नवल नाही.

क्लासबद्दल. या धड्यासाठी मी तरी क्लास लावायला सांगणार नाही. तिची आकडेमोड पक्की आहे, निश्चयक तिला येतात. बऱ्याच क्लासांत पन्नास उदाहरणं भराभर सोडवून घेतात. तिला दहाच हवीत, पण सावकाश. जिनिव्हात जन्मलेल्या क्रेमरने आपली रीत १७५० साली छापली, ती चांगली आहे, पण समीकरण चुकीचं घातलं तर चुकीच्याच आकड्याकडे ती तितक्याच चोखपणे नेते. तुमच्या मुलीच्या वहीत तेच झालं. बीजगणिताचा बोर्डाचा पेपर ४० गुणांचा असतो, वेळ दोन तास. हा पुस्तकातला पहिलाच धडा आहे आणि "समजा, ...ची संख्या क्ष" हे वाक्य तिला वर्षभर पुढेही लागणार आहे. या धड्यावर तिने दोन आठवडे जास्त घालवले तरी ते वाया जाणार नाहीत. तिच्या शिक्षकांनाही एकदा भेटा. तक्रार करायला नको. वही दाखवा आणि एवढंच सांगा की आकडेमोड बरोबर आहे, मांडणी शिकवा. रागावलेला शिक्षकही असं पान समोर आलं की थांबून बघतो, हे मी अनुभवाने सांगतो.

आता तिच्यासाठी एक उदाहरण देतो. रात्री जेवणं झाल्यावर, तुमच्या गड्ड्याच्या हिशेबाची वही मधे ठेवून तिला सांगा: "एका दिवशी चादरी आणि टॉवेल विकून ९,७०० रुपये आले. चादर प्रत्येकी ४०० ला, टॉवेल प्रत्येकी १५० ला. चादरी किती गेल्या?" एवढंच सांगा आणि गप्प बसा. तिने पेन उचलण्याआधी "अम्मा, पण नग किती गेले ते कुठे सांगितलंस?" असं विचारलं, तर मला एका ओळीचं पत्र टाका.